काका कुठे गेले?

मागच्या सीझनला एका लग्नाच्या व्हिडिओत मी एका काकांना गायब केलं. मुद्दाम नाही. स्टँडवर लावलेला कॅमेरा, जेवणाआधीची रेंगाळलेली वेळ, सोफ्यावर काका आणि त्यांच्या शेजारी गप्पा मारणाऱ्या दोन बायका. मधली चार मिनिटं नुसतीच गेली होती, म्हणून मी ती उडवली आणि सांधा टोचू नये म्हणून वर सेकंदभराचा डिझॉल्व्ह टाकला, म्हणजे एक चित्र विरत जातं आणि त्यातून दुसरं उमटतं. त्या उडवलेल्या चार मिनिटांत काका उठून गेले होते हे माझ्या लक्षातच आलं नाही. बायका जागच्या जागी, सोफा जागच्या जागी, आणि काका मात्र पारदर्शक होत होत हवेत मिसळले.

दोन दिवसांनी फोन आला. "ताई, आमचे काका कुठे गेले हो? सासूबाई म्हणतात, हे काही बरं दिसत नाही." काका ठणठणीत होते, पण सासूबाईंचं बरोबर होतं. मी माफी मागितली, डिझॉल्व्ह काढून तिथे करवल्यांचा एक शॉट टाकला आणि नवी फाइल पाठवली.

हे सगळं आठवायचं कारण म्हणजे त्यानंतर काही आठवड्यांनी, रात्री रेंडर लावून (म्हणजे कॉम्प्युटर व्हिडिओची पक्की फाइल बनवत असताना) बसले असताना, मी १९३३ सालचा एक जपानी मूकपट बघत होते आणि त्यात एक माणूस अगदी तसाच विरला. समोर दुसरं माणूस उभं, मागची भिंत तशीच, आणि हा आपला जागच्या जागी पुसट होत नाहीसा. मी खुर्चीत ताठ बसले. मागे नेऊन पुन्हा बघितलं. चूक नव्हती. थोड्या वेळाने परत तेच झालं.

सिनेमा हिरोशी शिमिझुचा, नाव 'मिनातो नो निहोन मुसुमे', म्हणजे बंदरातल्या जपानी मुली. शोचिकु कंपनीच्या तोक्योतल्या कामाता स्टुडिओचा. लांबी सव्वा तासाच्या आसपास. सुनाको आणि डोरा या योकोहामात एकत्र शिकणाऱ्या जिवलग मैत्रिणी. टेकडीवरून बंदर दिसतं, बंदरातून मोठ्या बोटी सुटतात, बोट आणि धक्का यांच्यामध्ये रंगीत कागदी फिती ताणल्या जातात आणि एकेक करून तुटतात. (रंगीत म्हणाले खरं, पण पडद्यावर सगळं काळं-पांढरंच आहे. फितींचे रंग मीच भरले.) हेन्री नावाचा मोटारसायकलवाला देखणा तरुण सुनाकोचा प्रियकर. डोरालाही तो आवडतो, पण ती बोलत नाही. मग हेन्रीच्या आयुष्यात योको शेरिडन येते, वयाने थोडी मोठी, जग बघितलेली, आणि हेन्री तिच्यामागे लागतो.

डोरा, हेन्री, शेरिडन ही नावं ऐकून मी आधी गोंधळले होते. पण योकोहामा परदेशी व्यापाराला खुलं झालं १८५९ मध्ये. टेकडीवर गोऱ्यांची घरं, चर्च, परदेशी लोकांची दफनभूमी. सत्तर-पंचाहत्तर वर्षांत तिथे मिश्र घरांतली मुलं असणारच. हेन्रीचं काम करणारा उरेओ एगावा स्वतः जर्मन बापाचा मुलगा होता. आणि १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात आणि आगीत हे शहर जवळजवळ भुईसपाट झालं होतं. सिनेमात जे दिसतं ते त्यानंतरच्या दहा वर्षांत पुन्हा उभं राहिलेलं योकोहामा. हे माहीत झाल्यावर ते रस्ते, ते कठडे जरा कोरेच वाटायला लागतात.

असो. चर्चवर येते.

हेन्री आणि योको चर्चमध्ये आहेत. सुनाको दारात येऊन उभी राहते, हातात पिस्तूल. ती दूर आहे, लहानशी दिसते. कट. तीच सुनाको, त्याच रेषेत, जवळून. कट. आणखी जवळून. कट. चेहरा. कॅमेरा सरकत नाही, झूम नाही, मध्ये दुसऱ्या कुणाचा शॉट नाही. ती पाऊल न उचलता आपल्या अंगावर येते. मग गोळी.

आमच्या धंद्यात याला सरळ चूक म्हणतात. एकाच कोनातून एकच माणूस, नुसता आकार मोठा करून लागोपाठ जोडला तर चित्र उडी मारतं, बघणाऱ्याला हिसका बसतो. शिकवताना पहिल्या आठवड्यात सांगतात की कोन तरी बदला नाहीतर मध्ये काहीतरी घाला. मीही नव्या पोरांना हेच सांगते. आणि इथे नव्वदएक वर्षांपूर्वीचा तो माणूस तीच चूक एकाच दमात पुन्हा पुन्हा करतो, आणि मला समजतं की त्या मुलीच्या डोक्यात त्या क्षणी काय चाललंय. ती चालत गेली नाही तिथवर. ती पोहोचलीच एकदम. इतका राग येतो तेव्हा मधल्या पायऱ्या कुठे आठवतात माणसाला?

मी तो भाग फ्रेम-फ्रेम करून बघितला. आवाज बंद करून. नव्या प्रतीवर पियानो आहे, वाईट नाही, पण गोळीच्या वेळी तो मला आधीच सांगत होता की आता गोळी येणार. बंद केल्यावर चांगलं वाटलं. रेंडरच्या पंख्याचा तेवढा आवाज.

योको मरत नाही. इथेच हा सिनेमा माझ्या अंदाजाच्या बाहेर गेला. प्रेमाचा त्रिकोण, मत्सर, पिस्तूल, चर्च एवढं सगळं आल्यावर मी मनात शेवट लावून मोकळी झाले होते. पण गोळी सुटते ती सिनेमाच्या पूर्वार्धातच. उरलेला सगळा सिनेमा त्यानंतर काय झालं याचा आहे.

सुनाको योकोहामा सोडते. बंदरामागून बंदर करत फिरते, आणि शरीर विकून जगते. परत येते तेव्हा तिच्यासोबत मिउरा नावाचा एक चित्रकार आहे, कफल्लक, तिच्याच कमाईवर जगणारा, तिचीच चित्रं काढणारा. तात्सुओ साइतोने तो केलाय. हाच नट आदल्याच वर्षी दिग्दर्शक यासुजिरो ओझुच्या सिनेमात साहेबापुढे माकडचाळे करणारा बाप झाला होता. त्याच्या लांबट चेहऱ्यावर हसावं की कीव करावी हे कधीच नक्की होत नाही, आणि मिउराला नेमकं तेच हवं होतं.

इकडे हेन्रीने लग्न केलंय. डोराशी.

इथे मी थांबले आणि कागदावर तीन टिंबं काढली. त्रिकोण म्हटलं की तिसरं कोण हे ठरलेलं असतं: जे नंतर आलं ते तिसरं. सुरुवातीला ती योको. मग योको बाजूला होते आणि तिसरी होते डोरा, जी खरं तर पहिल्यापासून तिथेच होती, फक्त गप्प होती. आणि सुनाको परत येते तेव्हा नवरा-बायकोच्या घरात तिसरी सुनाकोच. जिच्यापासून गोष्ट सुरू झाली तीच शेवटी आगंतुक. हेन्री तेवढा प्रत्येक वेळी मध्ये. आणि खरं सांगू का, तिघींपुढे तो मला फार सामान्य वाटला. देखणा आहे, अपराधीही वाटून घेतो, पण सिनेमाला त्याच्यात फारसा रस नाही. रस आहे तो दोन मैत्रिणींत. एकीने गोळी झाडली आणि सगळं गमावलं, दुसरी गप्प राहिली आणि तिला घर मिळालं, आणि मिळालेल्या घरात तिला रोज आठवण होत असणार की हे कुणाचं होतं.

माझं मन डोराकडे गेलं. बहुतेक बघणाऱ्यांचं सुनाकोकडे जात असेल, तिचा चेहराच तसा आहे. पण जिने काहीच वाईट केलं नाही तिला माफी तरी कुणाकडे मागता येणार?

आता लोकरीचं सांगते. सुनाको हेन्री-डोराच्या घरी येते. सगळे अवघडलेले. डोराचं विणकाम जवळच आहे. मग हेन्री आणि सुनाको नाचायला लागतात, जुन्या ओळखीचे दोघे नाचतील तसे, आणि लोकरीचा गुंडा सुटून त्यांच्या पायांशी येतो. पावलं फिरतात तसा धागा त्यांच्या घोट्यांभोवती गुंडाळला जातो. डोराच्या विणकामाची लोकर. विणायचं ते राहिलं बाजूला आणि नवऱ्याचे नि मैत्रिणीचे पाय तिच्याच धाग्यात बांधले जातायत. संवादाची पाटी नाही, रडणं नाही. मी सहसा अशा 'अर्थपूर्ण' वस्तूंना वैतागते. लग्नाच्या व्हिडिओत मला दर वेळी अंगठीतून दिसणारा नवरा आणि पाण्यात पडणारं गुलाब घालावं लागतं. पण लोकर खरोखरच अशी घरंगळते, खरोखरच पायात येते, म्हणून चाललं.

कपड्यांचीही एक गंमत. त्या काळच्या सिनेमात किमोनोवाली बाई सोज्वळ आणि पाश्चात्त्य कपड्यातली बिघडलेली, असा साधारण हिशेब. इथे उलटं. टेकडीवर फिरणारी निरागस सुनाको पाश्चात्त्य पोशाखात, आणि वेश्या झालेली सुनाको किमोनोत. सभ्य गृहिणी डोरा मात्र विलायती कपड्यातच. किमोनोतली सुनाको पहिल्यांदा येते तेव्हा मी तिला क्षणभर ओळखलंच नाही. चालच बदलली होती तिची. मिचिको ओइकावा हे त्या नटीचं नाव, जन्म १९११, म्हणजे शूटिंगच्या वेळी एकवीस-बावीसची. पाच वर्षांनी, १९३८ मध्ये, वयाची २७ वर्षंही पूर्ण व्हायच्या आत ती वारली. हे मला सिनेमा संपल्यावर कळलं. आधी कळलं असतं तर प्रत्येक क्लोजअप मी वेगळाच बघितला असता, त्यामुळे नंतर कळलं तेच ठीक. तिच्या आधीची एक पिढी मागे गेलं तर जपानी पडद्यावर बायकांची कामं पुरुषच करायचे. त्यांना ओयामा म्हणत, आणि ही पद्धत १९२० नंतरच मोडत गेली. आपल्याला बालगंधर्व माहीत असल्यामुळे यात नवल वाटत नाही. पण चर्चमधला तो शेवटचा, अगदी चेहऱ्यावरचा शॉट ओयामाच्या काळात कुणी लावला असता का, हा विचार मनात आला.

माझी एक शंका होती. १९३३ मध्ये मूकपट? अमेरिकेत तोपर्यंत बोलपट स्थिरावले होते. जपानचा पहिला पूर्ण यशस्वी बोलपट याच शोचिकुने १९३१ मध्ये काढला होता, हेइनोसुके गोशोचा. तरी मूकपट निघत राहिले, त्याचं एक मोठं कारण बेन्शी. पडद्याच्या बाजूला उभं राहून किंवा बसून सगळी गोष्ट सांगणारा, प्रत्येक पात्राचा आवाज काढणारा माणूस. कीर्तनकार जसा एकटाच द्रौपदीही होतो आणि दुःशासनही, तसा. लोक नटांसाठी जायचे त्याहून जास्त आपल्या आवडत्या बेन्शीसाठी जायचे. १९२०च्या दशकाच्या उत्तरार्धात देशात जवळजवळ सात हजार बेन्शी होते, त्यात थोड्या बायकाही. बोलपट आले तसे या सगळ्यांच्या पोटावर पाय आला. १९३२ मध्ये संप झाले. दिग्दर्शक अकिरा कुरोसावाचा थोरला भाऊ हेइगो हा परदेशी मूकपटांचा बेन्शी होता, संपात पुढे होता. १९३३च्या जुलैमध्ये त्याने आत्महत्या केली. 'बंदरातल्या मुली' त्याच उन्हाळ्यातला सिनेमा.

म्हणजे १९३३ मध्ये ज्यांनी हा सिनेमा बघितला त्यांनी माझ्यासारखा शांततेत बघितला नाही. त्यांच्या कानात कुणीतरी सुनाकोचं रडणं काढत होतं. लोकरीच्या प्रसंगात त्या बेन्शीने काय केलं असेल? काही बेन्शी फार बोलके असायचे, दिसतंय तेच घोळवून सांगायचे. मुसेइ तोकुगावा नावाचा मोठा बेन्शी मात्र कमी बोलण्यासाठी प्रसिद्ध होता. माझी आपली इच्छा अशी की बंदरातल्या त्या थिएटरात कुणीतरी मुसेइच्या वळणाचा असावा आणि लोकर सुटल्यावर त्याने पाण्याचा पेला उचलावा.

तर ते विरणं. चर्चमध्ये शिमिझु माणसाला उड्या मारत जवळ आणतो आणि नंतर, जेव्हा कुणाला कुणापासून दूर जायचं असतं, तेव्हा तो त्यांना चालत जाऊ देत नाही. दाराशी जाणं, मागे वळून बघणं, पाठमोरी आकृती, काहीच नाही. माणूस उभ्या जागी विरतो आणि राहिलेलं माणूस तिथेच राहतं. मी रोज वीस-पंचवीस डिझॉल्व्ह टाकते. आमच्याकडे डिझॉल्व्ह म्हणजे गोडवा: हार घातले, डिझॉल्व्ह, सप्तपदी, डिझॉल्व्ह, सूर्यास्त. मऊ करण्यासाठी वापरतो आम्ही तो. शिमिझुचा डिझॉल्व्ह मऊ नाही. आपण कुणाशी तरी बोलत असतो, बोलता बोलता कधीतरी ते माणूस आपल्यासाठी संपलेलं असतं, आणि नेमकं कुठल्या वाक्याला संपलं ते मागे जाऊन सापडत नाही. ते असं दिसतं. आमच्या क्लायंटच्या सासूबाईंना एका सेकंदात जे खटकलं ते हेच.

जपानी लोकांच्या प्रेमाच्या गोष्टींत मरणाला पूर्वीपासून मोठी जागा. जुना जपानी नाटककार चिकामात्सु, त्याचं १७२१ च्या सुरुवातीला पहिल्यांदा झालेलं एक बाहुल्यांचं नाटक आहे, ओसाकातला कागदाचा व्यापारी जिहेइ, त्याची बायको ओसान आणि वेश्या कोहारू यांचं. त्यात बायको वेश्येला गुपचूप चिठ्ठी पाठवते की माझ्या नवऱ्याला सोड. कोहारू शब्द पाळते. पण ती जीव देणार हे लक्षात येताच तिला सोडवायला ओसान स्वतःचे किमोनो गहाण टाकायला काढते. एका पुरुषापायी समोरासमोर उभ्या ठाकलेल्या दोघी, आणि खरी निष्ठा त्या दोघींतच. हे वाचल्यावर मला डोरा आणि सुनाको जास्त कळल्या. फरक एवढाच की तिथे शेवटी जिहेइ आणि कोहारू एकत्र मरतात, आणि मरणाने सगळा गुंता सुटतो. शिमिझु तो मार्ग कुणालाच देत नाही. योको पुन्हा भेटते तीही सुनाकोच्या शेजारच्याच खोलीत, अंथरुणाला खिळलेली. जिच्यावर गोळी झाडली तिची खोकल्याची उबळ भिंतीपलीकडून ऐकायची, असं काहीतरी (खोकला मी कल्पनेनेच ऐकला, मूकपट आहे). त्या दोघींत आता भांडायला काय उरलंय? हेन्री तर दोघींनाही मिळाला नाही.

शिमिझुबद्दल मी थोडं शोधलं. १९०३ ते १९६६. दीडशेहून जास्त सिनेमे, त्यातले बरेचसे मूकपट आता नाहीतच, बहुतेक जपानी मूकपटांसारखे. युद्धानंतर त्याने अनाथ मुलं स्वतःकडे आणून वाढवली आणि त्यांनाच घेऊन १९४८ मध्ये सिनेमा केला. त्यात स्टुडिओही नाही आणि नटही नाहीत. हे कळल्यावर मिउराबद्दलची, योकोबद्दलची त्याची माया जरा समजली. तो कुणालाच खलनायक करत नाही. मला क्वचित वाटलं की करायला हवं होतं, निदान हेन्रीला दोन थोबाडीत बसायला हव्या होत्या.

शेवटी बोट सुटते. या वेळी टेकडीवरून बघणाऱ्या दोन मुली नाहीत, सुनाकोच बोटीवर आहे, मिउराबरोबर. पुन्हा त्या कागदी फिती. मिउरा तिची काढलेली चित्रं समुद्रात फेकतो आणि तिचा चेहरा पाण्यावर तरंगत मागे पडत जातो. इथे डिझॉल्व्ह नाही. चित्रं विरत नाहीत, कागद आहेत, भिजतील, जड होतील, मग कधीतरी बुडतील. तेवढा वेळ शिमिझु थांबत नाही.

रेंडर पहाटे तीनच्या सुमाराला पूर्ण झालं होतं, मला साडेचारला दिसलं. झोपण्याआधी मी त्या जुन्या लग्नाचा प्रोजेक्ट उघडला आणि करवल्यांचा शॉट उचलून बघितला. खाली काका अजून होते. बायका बोलतायत, काका थोडे पुढे झुकलेत, काहीतरी सांगायच्या बेतात आहेत, कुणी ऐकत नाहीये. मग ते उठतात आणि कॅमेऱ्यासमोरून चालत जातात, चांगली चार-पाच पावलं. हा भाग मी त्या दिवशी न बघताच उडवला होता.